सेक किन: जन्मभर हरणारा पट्टीचा लढवय्या (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

सेक किन म्हणजे नेमके कोण?

‘एंटर द ड्रॅगन’च्या शेवटी आरशांच्या खोलीत ब्रूस ली ज्याला शोधत फिरतो, हाताला लोखंडी पंजा लावलेला तो हान. ती भूमिका करणारे सेक किन. हाँगकाँगबाहेरच्या प्रेक्षकांपैकी बहुतेकांची ओळख इथेच सुरू होते आणि इथेच संपते. खुद्द हाँगकाँगमध्ये मात्र १९७३ साली या माणसाची ओळख करून द्यायची काही गरज नव्हती. तोवर तेहतीस वर्षं ते पडद्यावर दुष्टपणा करत होते.

जन्म १ जानेवारी १९१३, पहिला चित्रपट १९४०, शेवटची कामं नव्वदच्या दशकात, निधन ३ जून २००९, वयाच्या शहाण्णवाव्या वर्षी. चित्रपट शेकडो. नायकाच्या भूमिका शोधायला गेलात तर हाती फारसं काही लागणार नाही.

कुठे शिह किएन, कुठे शेक किन, कुठे सेक किन. ही तीन माणसं आहेत का?

एकच. चिनी लिपीत नाव दोन अक्षरांचं आहे. उत्तरेकडच्या मँडरिन उच्चाराच्या जवळ गेलं की ‘शिह किएन’ होतं, हाँगकाँगच्या कँटोनीज बोलीत ‘सेक किन’. ‘एंटर द ड्रॅगन’च्या श्रेयनामावलीत पहिलं रूप असल्यामुळे जगभर तेच पसरलं. माणूस कँटोनीज चित्रपटांचा, म्हणून मी इथे कँटोनीज रूप वापरतो आहे. ‘सेक’ म्हणजे दगड आणि ‘किन’ म्हणजे कणखर. हे पडद्यावरचं नाव. जन्मनाव वेगळं होतं.

त्यांना खरंच कुंग फू येत होतं, की नुसते हातवारे?

येत होतं, आणि चांगलं येत होतं. चिन वू या नावाजलेल्या व्यायामसंस्थेत त्यांनी नऊ वर्षं तालीम केली आणि इतरांना शिकवण्याची पात्रता मिळवली. (हो, तीच संस्था, जिची शांघायमधली शाळा ब्रूस लीच्या १९७२च्या ‘फिस्ट ऑफ फ्यूरी’च्या कथेत आहे.) त्यांच्या पद्धतींपैकी दोन नक्की सांगता येतात: ईगल क्लॉ आणि चॉय ली फट. पहिलीत बोटांनी पकडणं, सांधे आवळणं, पिरगाळणं. दुसरीत खांद्यापासून हात गोफणीसारखा फिरवून घातलेले लांब पल्ल्याचे ठोसे. गरुडाच्या पंजाचे डाव शिकलेल्या माणसाला साठाव्या वर्षी लोखंडाचा पंजा मिळाला, याची मला दर वेळी गंमत वाटते.

वाँग फेई-हुंग मालिकेचं नाव सारखं येतं. ती काय भानगड आहे?

ती समजल्याशिवाय सेक किन समजत नाहीत, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

वाँग फेई-हुंग हा खराखुरा माणूस. जन्म १८४७, मृत्यू १९२५, गाव ग्वांगडोंग प्रांतातलं फोशान. हाडवैद्य, ‘पो ची लाम’ नावाच्या दवाखान्याचा मालक आणि हुंग गार पद्धतीचा वस्ताद. मृत्यूनंतर वर्तमानपत्रांतल्या क्रमशः कथांनी त्याला दंतकथा बनवलं. १९४९ मध्ये दिग्दर्शक वू पांग यांनी त्याच्यावर चित्रपट काढला, तो चालला, आणि मग थांबायचं नावच नाही. नायक होते कँटोनीज संगीत-नाट्याच्या रंगभूमीवरून आलेले क्वान टाक-हिंग, आणि समोर पहिल्यापासून सेक किन.

क्वान टाक-हिंग यांनी ही एकच भूमिका सत्तरपेक्षा जास्त चित्रपटांत केली. एकट्या १९५६ साली या मालिकेचे पंचवीस चित्रपट आले, म्हणजे सरासरी दर पंधरा दिवसांना एक. त्या काळच्या झटपट कँटोनीज चित्रपटांना लोक ‘सात दिवसांचा ताजा माल’ म्हणत, कारण चित्रीकरण आठवडाभरात उरकायचं. अशा घाईत रोज नवा खलनायक शोधून त्याला शिकवत कोण बसणार? ज्याला डाव तोंडपाठ आहेत, ज्याच्यावर क्वान यांचा भरवसा आहे आणि जो पहिल्या फटक्यात प्रसंग पार पाडतो, असा गडी लागतो. तो गडी म्हणजे सेक किन.

या मालिकेआधीच्या मारामाऱ्यांमध्ये रंगभूमीचा ठेका असायचा, नाहीतर फिल्मवर हाताने चितारलेल्या विजा आणि उडत्या तलवारी. वू पांग यांनी दक्षिण चीनच्या आखाड्यांतली खरी माणसं पडद्यावर आणली. काठी, त्रिशूळ, सिंहनृत्य, मुठींचे संच, सगळं जाणकारांकडून. वाँग फेई-हुंगच्या शिष्याचे शिष्य लाउ चाम या चित्रपटांत काम करायचे. त्यांचा मुलगा लाउ कार-लेउंग इथेच किरकोळ मारामाऱ्या करत वाढला आणि पुढे १९७८ मध्ये ‘द थर्टी-सिक्स्थ चेंबर ऑफ शाओलिन’चा दिग्दर्शक झाला. जॅकी चॅनच्या ‘ड्रंकन मास्टर’मधला तो दारुडा म्हातारा गुरू, युएन सिउ-टिएन, तोही याच गोतावळ्यातला. हाँगकाँगच्या मारधाडपटांची तालीम या मालिकेत झाली म्हणा ना.

प्रत्येक चित्रपटात तेच खलनायक असतील तर प्रेक्षकांना चालायचं कसं?

चालायचं, आणि तेच हवं असायचं. साधारण साचा असा: शहरात एक मुजोर वस्ताद येतो किंवा असलेला माजतो. त्याचे चेले बाजारात दंगा करतात. वाँगचा तापट शिष्य लेउंग फून (बहुतेकदा त्सो टाट-वा) न राहवून भिडतो आणि मार खातो. गुरू शिष्यालाच रागे भरतो, संयम शिकवतो. मुजोर वस्तादाला संयम म्हणजे भित्रेपणा वाटतो. शेवटी हातघाई होते, वस्ताद हरतो, आणि पुष्कळदा वाँग त्याला मारत नाही, माफ करतो. वस्ताद खजील होऊन सुधारतो.

पंधरा दिवसांनी तोच चेहरा नव्या नावाने परत, आणि आधी सुधारल्याची कसलीही आठवण नाही! आपल्याकडे दशावतारात एकच नट आज एका राक्षसाचं काम करतो, उद्या दुसऱ्याचं. त्याबद्दल कुणी तक्रार करत नाही. तसंच हे.

पण हरायचंच आहे तर त्यात कौशल्य ते काय?

या एका प्रश्नासाठी बाकीचे सगळे प्रश्न मी घेतले आहेत.

नुरा कुस्ती म्हटलं की आपण नाक मुरडतो. पण ज्यांनी लाल मातीत दिवस काढलेत त्यांना विचारा: नुरा कुस्ती रंगवायला दोघेही तयारीचे लागतात. कच्चा पैलवान खरी कुस्ती हरेल, पण त्याला नुरा हरता येणार नाही. चित्रपटातली लढत ही उघड उघड नुरा असते. निकाल कथेत लिहिलेला असतो. प्रेक्षकाला तो माहीत असतो. तरीही त्याचा श्वास अडकवायचा, आणि ते काम नायकापेक्षा समोरच्याच्या हातात जास्त असतं.

त्या काळच्या कॅमेऱ्याचा विचार करा. बहुतेकदा तो एका जागी उभा, दोघंही डोक्यापासून पायापर्यंत चौकटीत, आणि मध्ये काटछाट कमी. दहा-बारा डाव सलग करायचे. ठोसा नायकाचा, पण तो बसला की नाही हे ठरवणार मार खाणारा. मान क्षणभर आधी वळली तर खोटं दिसतं, क्षणभर उशिरा वळली तर खरंच दात पडतो. त्यात नायक रंगभूमीचा, वयाने मोठा आणि लोकांना पूज्य. त्याची ऐट राखायची, त्याला दमू द्यायचं नाही, त्याचा एखादा डाव चुकला तर आपल्या हालचालीत तो झाकून घ्यायचा. आणि हे सगळं करताना स्वतः इतकं घातक दिसायचं की ‘आज बहुतेक गुरुजींचं काही खरं नाही’ असं पोरांना वाटलं पाहिजे.

सेक किन यांची उपलब्ध जुनी दृश्यं पाहाल तेव्हा चेहरा सोडून पायांकडे बघा. चेहरा खूप काही करत असतो: भुवया, फुललेल्या नाकपुड्या, दातओठ. पाय मात्र शांत. वजन मागच्या पायावर, गुडघा वाकलेला, पुढचा पाय हलका. तालीम केलेल्या माणसाची ती बैठक असते, आणि तिची नक्कल आठवड्याभरात करता येत नाही. वाँग फेई-हुंग अजिंक्य वाटायचा, कारण त्याला भिडणारा माणूस असा उभा राहायचा. शेळपट खलनायकाला झोडपून कुणी मोठा होत नाही.

त्यांच्या हसण्याबद्दल इतकं का बोलतात?

ऐकाल तेव्हा कळेल. आधी घशात घोळवलेलं, मग एकदम मोकळं सोडलेलं, खांदे उडवत हसलेलं ते हसू. हाँगकाँगमध्ये पिढ्यान्‌पिढ्या लोकांनी त्याची नक्कल केली. त्यांना टोपणनावही तसंच मिळालं: ‘गान-यान किन’, म्हणजे ‘दुष्ट किन’, ‘कपटी किन’. प्रेमानेच, पण दुष्टच.

प्रत्यक्षात स्वभाव कसा होता?

सहकाऱ्यांच्या आठवणींतून उभा राहतो तो शांत, सौजन्याने वागणारा माणूस. मराठी वाचकाला हे वेगळं समजावून सांगायला नको. निळू फुले नुसते पडद्यावर आले तरी बायका बोटं मोडायच्या, आणि माणूस कसा होता ते अवघ्या महाराष्ट्राला ठाऊक आहे. योगायोग असा की दोघेही एकाच वर्षी गेले: सेक किन ३ जून २००९ला, निळूभाऊ १३ जुलैला.

‘एंटर द ड्रॅगन’मध्ये त्यांनाच का घेतलं असावं?

कंपनीच्या बैठकीत काय बोलणं झालं ते बाजूला ठेवू. पडद्यावर काय घडलं ते बघू, कारण तेच जास्त मजेदार आहे.

अमेरिकेची वॉर्नर ब्रदर्स आणि हाँगकाँगची गोल्डन हार्वेस्ट या कंपन्यांच्या भागीदारीतला हा चित्रपट, दिग्दर्शक रॉबर्ट क्लाउज, चित्रीकरण १९७३च्या सुरुवातीला हाँगकाँगमध्ये. पाश्चात्त्य प्रेक्षकासाठी हान हा गुप्तहेरपटातला नेहमीचा खलनायक आहे: स्वतःचं बेट, पांढरी मांजर, शस्त्रांचं खासगी संग्रहालय, कापलेल्या हाताच्या जागी बदलता येणारे पंजे. त्या प्रेक्षकाला हा नट कोण हे माहीत नव्हतं आणि त्याची त्याला फिकीरही नव्हती.

आता हाँगकाँगच्या प्रेक्षकाच्या खुर्चीवर बसा. ब्रूस लीचा जन्म नोव्हेंबर १९४०चा, म्हणजे सेक किन पडद्यावर आले त्याच वर्षीचा. वाँग फेई-हुंगचा पहिला चित्रपट आला तेव्हा ब्रूस नऊ वर्षांचाही नव्हता. तो कौलूनमध्ये वाढला, वडील कँटोनीज रंगभूमीचे नट, स्वतः बालकलाकार. ज्या चित्रपटसृष्टीत तो लहानाचा मोठा झाला, तिथला खलनायक म्हणजे सेक किन. त्यामुळे आरशांच्या खोलीत कथेतला हेर आणि कथेतला तस्कर लढत असतात, पण हाँगकाँगकराला दिसतं वेगळंच. जुन्या काळ्या-पांढऱ्या चित्रपटांमधला सगळा दुष्टपणा एका माणसात जमा होऊन समोर उभा आहे, आणि त्याच्याशी भिडायला आता गुरुजी नाहीत. उघड्या अंगाचा, बत्तीस वर्षांचा, माफ न करणारा पोरगा आहे. वाँग फेई-हुंगने कदाचित हानला उपदेश करून सोडून दिलं असतं.

चित्रपट ऑगस्ट १९७३ मध्ये अमेरिकेत झळकला. त्याच्या आधीच, २० जुलैला, ब्रूस ली गेला होता. म्हणजे ब्रूसने पुऱ्या केलेल्या शेवटच्या चित्रपटात शेवटचा वैरी सेक किनच ठरले.

साठीतला माणूस ब्रूस लीसमोर टिकतो हे पटतं का?

मला पटतं, आणि त्याचं श्रेय मांडणीला आहे. हान समोरासमोर, रिकाम्या हाताने फार वेळ लढतच नाही. तो नियम मोडतो. पंजा बदलून पात्यांचा लावतो, भाला उचलतो, आणि शेवटी फिरत्या दारातून आरशांमध्ये नाहीसा होतो. वय झालेला, हुशार, निर्लज्ज माणूस जसा लढेल तसाच. ब्रूसच्या वेगाशी स्पर्धा केली असती तर सेक किन हास्यास्पद दिसले असते. त्याऐवजी ते थांबतात, वाट बघतात, ओरखडा काढून पुन्हा लपतात. ब्रूस स्वतःचं रक्त चाखतो तो क्षण सगळ्यांना आठवतो. तो ओरखडा कुणी काढला होता, हेही जरा आठवावं.

शेवटी ब्रूस आरसे फोडतो आणि हान आपल्याच भाल्यावर अडकून मरतो. फिरत्या दारासोबत ते प्रेत गोल फिरतं. तिथेही मेलेल्या माणसाचं काम ते चोख करतात.

त्या चित्रपटातला हानचा आवाज त्यांचा नाही, हे खरं?

खरं. सेक किन यांचं इंग्रजी संवाद पेलण्याइतकं नव्हतं. ओठ त्यांचे, आवाज कीय लूक यांचा. कीय लूक म्हणजे ‘कुंग फू’ या अमेरिकी दूरदर्शन मालिकेतले आंधळे मास्टर पो, आणि त्याआधी चार्ली चॅन या चिनी गुप्तहेराच्या चित्रपटांतला त्याचा थोरला मुलगा. आवाज मुलायम, सुसंस्कृत आणि थंड आहे. काम छान झालंय, पण एक तोटा आहे: जगाने ज्या एका चित्रपटात सेक किन यांना पाहिलं, त्यातच त्यांचं स्वतःचं बोलणं ऐकलं नाही. निम्मा नट म्हणजे आवाज असतो. ज्यांनी फक्त हान पाहिलाय, त्यांनी निम्मेच सेक किन पाहिलेत.

हान म्हणजेच बोलो ना? तो दंडाचा गड्डा असलेला?

नाही हो. बोलो यांग वेगळे. त्याच चित्रपटात ते हानचा धिप्पाड अंगरक्षक आहेत आणि त्यांना जॉन सॅक्सन हा अमेरिकी नट लोळवतो. हा घोळ आपल्याकडे फार आहे, कारण व्हिडिओ पार्लरच्या जमान्यात बोलोचा चेहरा जास्त फिरला. आमच्या तालुक्याच्या गावी भाड्याच्या व्हीसीआरवर रात्रभर चित्रपट चालायचे, तेव्हा कुठल्याही मारधाडपटाला ‘बोलोचा पिक्चर’च म्हणायचे, त्यात बोलो असो नसो.

एवढं गाजल्यावर हॉलिवूडला का गेले नाहीत?

साठी, भाषा, आणि त्या काळी आशियाई नटाला मिळणाऱ्या भूमिका बघता फार काही हाती लागलं असतं असं वाटत नाही. त्यांचं काम हाँगकाँगमध्येच चालू राहिलं.

मग सत्तरच्या दशकात त्यांचं काय झालं?

त्यांचं म्हणण्यापेक्षा कँटोनीज चित्रपटाचं काय झालं ते आधी बघावं लागेल. साठच्या दशकाच्या शेवटी शॉ ब्रदर्स या बड्या चित्रपटसंस्थेच्या रंगीत, खर्चिक मँडरिन चित्रपटांपुढे ‘सात दिवसांचा माल’ टिकेना. १९६७ मध्ये टीव्हीबी वाहिनी सुरू झाली आणि घरबसल्या फुकट करमणूक मिळू लागली. १९७२ साली तर कँटोनीज चित्रपट निघणं जवळपास बंदच झालं. १९७३ मध्ये ‘द हाउस ऑफ सेव्हन्टी-टू टेनंट्स’ या कँटोनीज चित्रपटाने बाजी पलटवली आणि त्या वर्षी हाँगकाँगच्या तिकीटबारीवर खुद्द ‘एंटर द ड्रॅगन’ला मागे टाकलं.

अशा पडझडीत नायक-नायिकांची गत वाईट होते. चेहरा जुना झाला की त्यांना जागा उरत नाही. पण चरित्र नटाला वय आडवं येत नाही, उलट उपयोगी पडतं. सेक किन दूरदर्शन मालिकांत गेले, आणि नव्या कँटोनीज विनोदी लाटेतही शिरले. १९७६च्या ‘द प्रायव्हेट आइज’ या हुई बंधूंच्या तुफान चाललेल्या विनोदपटात ते टोळीचे म्होरके आहेत. ही टोळी चित्रपटगृहात घुसून प्रेक्षकांना लुटते. कपटी किन थिएटरात शिरून आपल्याच प्रेक्षकांचे खिसे कापतात, यातला विनोद तिकडच्या लोकांना सांगावा लागला नसणार.

त्यांनी कधी चांगल्या माणसाची भूमिका केली का?

केली. १९८० सालच्या जॅकी चॅनच्या ‘द यंग मास्टर’मध्ये ते पोलीस प्रमुख सांग कुंग आहेत. गैरसमजातून जॅकीलाच गुन्हेगार समजून त्याच्या मागे लागलेले तापट, हट्टी, पण सरळ मनाचे बाप. युएन बिआओ त्यांचा मुलगा, लिली ली मुलगी. वय सदुसष्ट. जॅकीसोबतचे त्यांचे प्रसंग लढाई कमी आणि सासऱ्या-जावयाची खटपट जास्त वाटतात. तीसहून जास्त वर्षं ज्या भुवयांनी पोरांना घाबरवलं, त्याच भुवया इथे हसवतात. नटात बदल काहीच नाही, फक्त कथेने त्यांना दुसऱ्या बाजूला उभं केलंय.

त्यांच्यावरून कुणी काही उचललं का?

हान इतका पक्का ठसला की १९७७च्या ‘द केंटकी फ्राइड मूव्ही’ या अमेरिकी विनोदपटात त्याचं अख्खं विडंबन आहे. काढता-घालता येणाऱ्या हाताचा खलनायक, आणि ती भूमिका केली हापकिडो या कोरियन युद्धकलेचे वस्ताद बोंग सू हान यांनी. आडनावही हान, हा योगायोग.

बघायला कुठून सुरुवात करू?

बहुतेक जण ‘एंटर द ड्रॅगन’ पाहून आलेले असतात, म्हणून दुसरा ‘द यंग मास्टर’ घ्या. तो सहज मिळतो आणि त्यांचं हसतं रूप दाखवतो. मग ‘द प्रायव्हेट आइज’. वाँग फेई-हुंग मालिका सगळ्यात शेवटी, आणि तीही मिळेल तेवढीच. बऱ्याच चित्रपटांच्या प्रती काळाच्या ओघात नष्ट झाल्या आहेत. उरलेल्यांतल्या कित्येकांना उपशीर्षकं नाहीत, छपाई खरखरीत आहे, आवाज फुटका आहे. उपशीर्षकांवाचून फार अडणार नाही. सिंहनृत्य संपलं की चौकात गर्दी पांगते, दुकानांच्या फळ्या पटापट लागतात, आणि रस्त्याच्या टोकाला एक माणूस अस्तन्या दुमडत उभा असतो. तो हसायला लागला की समजा, हेच ते.